आजचं टोक

"शाल चालते, नारळ चालत नाही," चौगुले सर माझ्या कानाशी वाकून म्हणाले. "म्हणून नारळाऐवजी रोप. तुमच्यासाठी पेरूचं ठेवलंय, वहिनी. मनोहररावांना पेरू आवडायचा ना?"

मी मान हलवली. आवडायचा की नाही, ते मला आठवेना. एका ताटात पस्तीस वर्षं जेवलेल्या माणसाला पेरू आवडतो की नाही हे आठवू नये, याचं वाईट वाटायला हवं होतं. तेही वाटलं नाही.

नगर वाचनालयाच्या हॉलमध्ये मी पहिल्या रांगेत बसले होते. चौगुले सर म्हणजे आमच्या विज्ञान मंडळाचे सचिव, कॉलेजातून फिजिक्स शिकवून निवृत्त झालेले. त्या दिवशी मंडळानं काही माणसांचा सत्कार ठेवला होता. दहावीच्या पुस्तकात उत्क्रांतीचा धडा असतो. कुठं शिक्षकच तो 'घरी वाचा' म्हणून सोडून देतात, कुठं गावातलं कुणी तरी सोडायला लावतं. अशा शाळांत पदरमोड करून जाणारी, हेडमास्तरांशी हुज्जत घालणारी, पालकांची समजूत काढणारी आणि तो धडा होईल असं बघणारी ही माणसं. त्यांत पहिलं नाव माझ्या यजमानांचं होतं, मनोहर शिंत्रे. टेलिफोन खात्यातून निवृत्त झाल्यावर ह्यांनी दुसरं काही केलंच नव्हतं.

आणि सत्काराच्या दहा-बारा दिवस आधी हे गेले. दुपारी चहा मागितला आणि तो आणेपर्यंत गेले होते.

देहदानाचा फॉर्म ह्यांनी फार पूर्वी भरून ठेवला होता. मेडिकल कॉलेजची गाडी आली, मी सह्या केल्या, आणि गाडीबरोबर जाऊन एसटीनं परत आले. अस्थी नाहीत, दहावा नाही, तेरावा नाही. लोक भेटायला यायचे, माझ्या तोंडाकडे बघायचे आणि मीच त्यांना पाणी आणून द्यायचे. दात काढताना डॉक्टर हिरडी बधिर करतो तेव्हा जीभ आपली असून आपली वाटत नाही, तशी मी सगळीच झाले होते. मुलगा नाशिकहून आला, चार दिवस राहिला. जाताना म्हणाला, "आई, एकदा रडून घे." जणू काही ते कपाटात ठेवलेलं होतं आणि मी काढत नव्हते.

हॉलच्या भिंतींवर आमची पट्टी लावली होती. सजावट म्हणून चौगुले सरांनी ती आदल्या दिवशी घरून नेली होती. दारापासून सुरू होऊन ती सगळ्या हॉलला वळसा घालून स्टेजपर्यंत आली होती, आणि दर हातावर तिला टाचणी मारली होती. कापडाला भोकं पडणार, एवढं मात्र माझ्या लक्षात आलं. हाताची सवय, दुसरं काय.

ती पट्टी मी शिवलेली. माझा शिवणक्लास होता, आणि क्लासात चिंध्यांना तोटा नसतो. हे एकदा म्हणाले, "प्रमिला, मला पृथ्वीचं वय शिवून दे." एक मीटर म्हणजे दहा कोटी वर्षं असा हिशेब. पृथ्वीच्या जन्मापासून आजपर्यंत सेहेचाळीस मीटर झाले. पोरींच्या ब्लाउजपिसांचे, परकरांचे, उशांच्या अभ्र्यांचे तुकडे जोडत गेले. शेवटचा तुकडा ह्यांच्या निळ्या शर्टाचा. कॉलर विरली म्हणून मी तो फरशी पुसायला काढला होता, तर म्हणाले, "त्याला आजपर्यंत आण."

शाळेच्या मैदानात पट्टी पसरायची. सुरुवातीचं टोक दगडाखाली, आणि 'आज'चं टोक माझ्या हातात. हे सुरुवातीपासून बोलत बोलत चालत यायचे, मुलं मागून. माझं काम टोक धरून उभं राहायचं. तोंड उघडायचं काम मला कधी पडलं नाही, आणि मला ते नकोच होतं. धडा संपला की हे पट्टी गुंडाळत गुंडाळत माझ्यापर्यंत यायचे, आणि माझ्या हातातलं टोक घेताना दर वेळी तेच म्हणायचे, "चला, पोचलो आजपर्यंत." मग आम्ही चहा शोधायला जायचो.

स्टेजवर पाहुण्यांचं भाषण चाललं होतं. पर्समधला फोन थरथरला. भर सभेत फोन घेऊ नये हे मला कळत होतं, पण त्या दिवसांत कळणं आणि करणं यांची गाठ पडत नव्हती. मी घेतला.

"ताई, मी मुल्ला बोलते, खडकेवाडीची," पलीकडून दबका आवाज आला. "तुम्हांला त्रास देऊ नये कळतं मला. पण मंडळाचं कुणीच कसं आलं नाही? मुलं ग्राउंडवर बसून आहेत. भैरूअण्णा येऊन बसलेत."

"आज?" मी म्हटलं.

"आजचाच शनिवार ठरला होता ना! चौगुले सरांनी म्हणे काल हेडसरांना रद्द म्हणून कळवलं. मला कुणी सांगितलंच नाही. अण्णा म्हणतायत, शाळा सुटेपर्यंत वाट बघतो, नाही आले तर विषय कायमचा संपला. ताई, कुणाला तरी पाठवा."

मी फोन ठेवला आणि शेजारी बसलेल्या चौगुले सरांना विचारलं, "खडकेवाडीचा वर्ग रद्द केलात?"

"सगळेच केले, वहिनी," ते हळव्या आवाजात म्हणाले. "मनोहररावांच्या स्मृतीसाठी. तेरा दिवस मंडळाचा एकही कार्यक्रम नाही, असं एकमतानं ठरलं. हा एक सत्कार सोडून."

खडकेवाडीचं सांगायला हवं. भैरूअण्णा जाधव तिथल्या शाळा समितीचे अध्यक्ष. त्यांचे वडील माकडं नाचवून पोट भरायचे. गावाच्या कडेला त्यांची वस्ती आहे, आणि त्या वस्तीतून समितीवर आलेले अण्णा पहिलेच. आदल्या वर्षी मुल्ला मॅडमनी उत्क्रांतीचा धडा शिकवला. दुसऱ्या दिवसापासून पोरं अण्णांच्या नातीला, तेव्हा नववीत असलेल्या रूपाला, 'माकडीण' म्हणून चिडवायला लागली. पोरगी आठवडाभर शाळेत आली नाही. अण्णांनी शाळेत जाऊन त्या धड्याची पानं स्टेपल मारून बंद करायला लावली. नव्या वर्षी नवी पुस्तकं आली, तर त्यांनाही पिना मारल्या.

हे तीनदा अण्णांच्या घरी गेले. पहिल्या खेपेला मी बरोबर होते. अण्णांनी आम्हांला घोंगडं टाकून बसवलं, चहा दिला, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तुमचं शास्त्र खरं आसंल, सर. पर पोरं माकड कुणाला म्हणत्यात? पाटलाच्या पोराला न्हाई म्हणत. आमच्याच पोरीला म्हणत्यात."

देवाधर्मावरून भांडायला आलेल्यांना हे हसत हसत गप्प करायचे, पण त्या दिवशी परतताना अख्खी वाट बोलले नाहीत. तिसऱ्या खेपेला ह्यांनी सांगितलं, "अण्णा, धडा अर्धवट झाला म्हणून चिडवतात. पुरता होऊ द्या. पाटलाच्या पोरालाही त्याच पट्टीवर उभा करतो." तेव्हा अण्णा म्हणाले होते, "एकडाव. शनवारी सकाळी. मी सोता बसनार. रूपाला कोन हसलं तर पिना कशाला, पानंच फाडतो."

त्यानंतर घरी येऊन हे लहान मुलासारखे खूश होते. आणि त्याच आठवड्यात गेले.

"मनोहर शिंत्रे यांचा सन्मान स्वीकारण्यासाठी त्यांच्या पत्नी..." स्टेजवरून नाव पुकारलं. मी वर गेले. शाल उलगडून पाहुणे पुढे आले, तर मी म्हटलं, "ही पट्टी काढून द्या."

पाहुण्यांना वाटलं मी शालीबद्दल बोलतेय.

"भिंतीवरची," मी म्हटलं. माईक जवळ होता, त्यामुळं ते सगळ्या हॉलनं ऐकलं. "खडकेवाडीला मुलं बसून आहेत. मला ती हवी आहे."

चौगुले सर लगबगीनं वर आले. "वहिनी, कार्यक्रम झाल्यावर बघू. आणि आपण दुखवटा जाहीर केलाय..."

"आपण सुतक पाळत नाही ना, सर?"

"सुतक नव्हे हो, दुखवटा!"

"बरं, दुखवटा," मी म्हटलं. "मुलांना कुठं माहीत आहे?"

मग पहिल्या रांगेतल्या एक म्हाताऱ्या बाई, ज्यांचाही त्या दिवशी सत्कार होता, उठून भिंतीशी गेल्या आणि टाचण्या काढायला लागल्या. त्यांच्या मागून आणखी दोघं-तिघं उठले. चौगुले सरांनीही चष्मा वर करून एक टाचणी काढली आणि बोटाला टोचून घेतली.

"पण बोलणार कोण?" त्यांनी विचारलं.

"बघू," मी म्हटलं.

मी शूरपणानं गेले असं कुणी समजू नये. नंतर मंडळाच्या अंकात तसं छापून आलं, ते खोटं आहे. मला ह्यांचं अपुरं काम वगैरे काही आठवत नव्हतं. मुलं उन्हात बसली आहेत, एवढंच डोक्यात होतं, आणि ते कुणी सांगितलं तर माणूस उठतो.

वडापची, शिटा भरून जाणारी जीप मिळाली. मागं दुधाच्या किटल्या, मधे मी, मांडीवर पट्टीचं भलं मोठं गाठोडं. शेजारच्या बाईनं विचारलं, "कापडं इकायला का?" मी हो म्हटलं. "कसं मीटर?" तिनं विचारलं. दहा कोटी वर्षं, असं ओठांवर आलं होतं, पण हसूही आलं नाही.

मैदानात मुलं ओळीनं बसली होती. मुल्ला मॅडम फाटकाशीच उभ्या होत्या. त्यांनी माझे दोन्ही हात धरले, मागं कुणी आहे का बघितलं, आणि कुणी नाही म्हटल्यावर त्यांचा चेहरा पडला.

भैरूअण्णा बुचाच्या झाडाखाली खुर्चीवर बसले होते. मला बघून उठले, फेटा नीट केला. "सरांचं ऐकलं," ते म्हणाले. "वंगाळ झालं. चांगला मानूस."

"हो," मी म्हटलं.

"मग आता बोलनार कोन?"

"मी."

"तुमी तर टोक धरून हुब्या ऱ्हाता, आसं सर सांगत हुते."

"आज तुम्ही धरा."

अण्णांनी माझ्याकडं बघितलं. मग मुलांकडं, मग त्या गाठोड्याकडं. "मी हितं बघाय बसलोय, बाई. काय बोलतायसा त्ये ऐकाय."

"टोकाशी सगळं ऐकू येतं," मी म्हटलं. "मी इतकी वर्षं तिथंच उभी होते."

त्यांनी टोक घेतलं. दोन्ही हातांत धरलं, जसं देवळात प्रसाद घेतात तसं. पट्टी मैदानात मावेना, शेवटी झेंड्याच्या कट्ट्याला वळसा घालावा लागला. मी सुरुवातीला जाऊन दगड ठेवला आणि बोलायला लागले.

मला वाटलं होतं, शब्द सुचणार नाहीत. पण तोंडातून ह्यांचंच बोलणं यायला लागलं, तसंच्या तसं, ह्यांच्या 'तर मंडळी'सकट. इथं पृथ्वी नुसती तापलेली. हे सगळे लाल तुकडे चालून आलो, तर मंडळी, अजून कुणी नाही. हे बघा, इथं पहिला जीव, डोळ्यांनाही न दिसणारा. आता चाला. चाला. निम्मी वाट संपली तरी अजून तसलेच बारीक जीव. मुलं कंटाळली, तशी ती नेहमीच इथं कंटाळायची, आणि हे म्हणायचे तेच मी म्हटलं, "पृथ्वीही कंटाळली नाही, तुम्ही कशाला कंटाळता?" मुलं हसली. माझा आवाज मला लांबून ऐकू येत होता, दुसरीच कुणी बाई बोलत असल्यासारखा.

मासे आले. डायनोसॉर आले, आणि अण्णांच्या हातापासून दीड हातावर संपलेही. मी थांबले.

"पाटलांचा मुलगा कोण?"

एक उंच पोरगा ओळीतून पुढं आला. "आणि रूपा?" रूपा आली नाही. मुल्ला मॅडमनी तिला पाठीवर हात ठेवून आणलं. मागं कुणी तरी फिसकन हसलं. अण्णांनी नुसती मान वळवली, टोक हातातच होतं.

टोकापासून सव्वा वीत मागं मी दोघांना बोट ठेवायला सांगितलं, एकाच जागी.

"इथं एक घर होतं," मी म्हटलं. "दोन भाऊ वेगळे होतात तसं ते घर फुटलं. एक तिकडं गेला, त्याची आजची पोरं म्हणजे माकडं. एक इकडं आला, त्याची पोरं आपण. माकड आपला बाप नाही आणि आजाही नाही. चुलत घर आहे. पण हे घर एकट्या रूपाचं नाही. ज्यानं बोट ठेवलंय त्याचं आहे, आणि जो मागं हसला त्याचंही. ज्याला नको असेल त्यानं या पट्टीवरून खाली उतरून दाखवावं."

हे शेवटचं वाक्य ह्यांचं नव्हतं. ते कुठून आलं मला माहीत नाही.

पाटलाच्या पोरानं बोट काढलं नाही. रूपानंही नाही.

"म्हंजे चुलतभाऊ म्हना की," अण्णा म्हणाले.

"हो."

मग अण्णा मोठ्यानंच बोलले, सगळ्या मुलांना ऐकू जाईल असं. "चुलतभावाच्या गळ्यात दोरी घालून नाचवलं की मग आमच्या बानं. बाळू नाव हुतं त्याचं. माझ्या ताटात जेवायचं."

कुणी हसलं नाही.

"आनि मानूस कुटं हाय?" अण्णांनी विचारलं. त्यांनी हातातलं टोक उलटंपालटं केलं. "हितं तर काय दिसंना."

तेव्हा मला ती दुमड आठवली. माणसाचा सगळा काळ त्या पट्टीवर तीन दोऱ्यांच्या जाडीएवढा, अगदी कडेला. पण कच्ची कड तशीच सोडणं माझ्या हाताला जमत नाही, म्हणून शिवताना मी ती पेरभर आत दुमडून टीप मारली होती. पहिल्याच वर्गात ह्यांच्या ते लक्षात आलं. "अगं, सगळी माणसं दुमडून टाकलीस की!" म्हणून इतके हसले, की मुलंही हसायला लागली. मी किती तरी वेळा म्हटलं, उसवून देते. दर वेळी म्हणायचे, "राहू दे. आत बरी आहेत."

"या दुमडीत आहे," मी अण्णांना सांगितलं.

"मग उसवा की. पोरास्नी दिसाय नगं?"

माझ्या पर्समध्ये छोटी कात्री कायम असते. अण्णांनी टोक ताणून धरलं आणि मी टीप उसवली. दुमड उघडली. बाहेरचा तुकडा इतक्या मैदानांतल्या उन्हानं विटून राखेच्या रंगाचा झाला होता. आतली पट्टी मात्र गर्द निळी होती. शर्ट नवा असताना होता तशी. तो घालून हे पहिल्यांदा आरशासमोर उभे राहिले आणि म्हणाले, जरा भडकच आहे नाही का, तशी निळी.

रूपानं त्या निळ्या कडेवर बोट टेकवलं. "हितं आपण?"

"हो."

"सर कुटं हाईत? त्ये येनार हुते ना?"

मुलांना कुणी सांगितलंच नव्हतं. मुल्ला मॅडम पुढं झाल्या, पण मीच रूपाचं बोट होतं तिथं माझं बोट ठेवलं. "सर इथं आहेत," मी म्हटलं.

"आनि मी?"

"इथंच."

"आनि आन्ना?"

"इथंच."

अण्णांनी मान खाली घालून हळूच विचारलं, "बाळू?"

"तोही इथंच," मी म्हटलं. "तुमच्या ताटात जेवायचा तेव्हा दुसरीकडं कुठं असणार?"

आणि तेव्हा मला एकदम आठवलं की ह्यांना पेरू अजिबात आवडत नसे. बिया दातांत अडकायच्या, आणि मग संध्याकाळभर काडी घेऊन कुरकुरत बसायचे.

धडा संपला. मुल्ला मॅडमनी मुलांना पुस्तकं काढायला सांगितली. अण्णा काहीच बोलले नाहीत, हो म्हणून नाही आणि नाही म्हणूनही नाही. मग मुलं नखांनी, पेन्सिलीच्या टोकांनी पानांच्या पिना उचकटायला लागली. मी सुरुवातीला गेले, दगड काढला आणि पट्टी गुंडाळायला लागले. ते काम ह्यांचं. मी कधी केलं नव्हतं. मी टोकाला उभी राहून ह्यांना माझ्याकडं येताना बघायचे.

लाल तुकडे गुंडाळले. हिरवे गुंडाळले. झेंड्याच्या कट्ट्याला वळसा घातला. बाड हातात मावेना, म्हणून छातीशी धरलं. वर बघितलं तर टोकाशी, जिथं मी असायचे तिथं, भैरूअण्णा उभे होते. उन्हात, फेटा घामानं भिजलेला. धडा संपून एवढा वेळ झाला तरी त्यांनी टोक खाली ठेवलं नव्हतं. ठेवायचं असतं हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं.

मी त्यांच्यापर्यंत पोचले. टोक घ्यायला हात पुढं केला आणि सवयीनं, ज्याची सवय मला नव्हती त्या सवयीनं, तोंडातून निघून गेलं, "चला, पोचलो आजपर्यंत."

आणि मग मला रडू आलं. असं आलं की पट्टीचं बाड हातातून सुटायला लागलं. पिना काढणारी मुलं थांबली. मला कुणाची लाज वाटली नाही.

अण्णांनी टोक माझ्या हातात दिलं नाही. स्वतःकडंच ठेवलं, जरा आणखी घट्ट.

"ऱ्हाऊ द्या," ते म्हणाले. "मी धरलंय. तुमी रडा."